राणीचा गळा

"हात लावू नका, नुसतं बघा," हिसानो म्हणाली आणि तिनं कापडाची गाठ सोडून डबा तोकुजीच्या पाटावर ठेवला. शेजारी साचाही ठेवला, पालथा.

डब्यात साखरेच्या दोन बाहुल्या होत्या. एक राजा, एक राणी. तांदळाचं पीठ आणि बारीक साखर साच्यात दाबून काढलेल्या, तळहाताएवढ्या, पांढऱ्याशुभ्र. साचा तोकुजीनंच कोरला होता आणि चार दिवसांपूर्वी स्वतः 'कामेनोया' दुकानात नेऊन दिला होता. बाहेर बर्फ भुरभुरत असताना, ऐन सणाच्या गर्दीत, मिठाईच्या दुकानाची मालकीण हातातलं काम टाकून त्याच्या दारात आली म्हणजे शाबासकी द्यायलाच आली असणार, असं त्याला वाटलं. एरवी माणूस खमक्या होता, कुणाच्या बोलण्यात येणारा नव्हता. स्वतःच्या कामाच्या बाबतीत मात्र अगदीच भोळा.

त्यानं चष्मा नाकावर सरकवला. "बाह्यांच्या चुण्या बघा कशा उतरल्यात! एक कण तरी अडकला का साच्यात?"

"नाही अडकला."

"आणि केस? केसांची एकेक रेघ मोजून घ्या."

"तोकुजीसान, गळ्याकडे बघा."

त्यानं बघितलं. राजाचा गळा गोल, बंद. दरबारी झग्याचा तसाच असतो. राणीच्या गळ्याशी मात्र किमोनोचे पदर एकावर एक आलेले, पाच थर, प्रत्येक थराची कड नखाइतकी पातळ. एवढी बारीक कड मात्सुए गावात आता दुसऱ्या कुणी कोरून दाखवावी. दुसरं कुणी उरलंच नव्हतं म्हणा.

"मग? झकास आहे की."

"वर कुठला पदर आहे?"

"वर ना? वर..." त्यानं आपला हात आपल्याच छातीवर ठेवला. अंगात नेहमीचा निळा जाड सदरा होता, कडेला बंद बांधायचा. गळ्याची कड चाचपून तो हसला. "हा बघा. माझ्यासारखाच तर आहे!"

हिसानो त्याच्या छातीकडे बघत राहिली, मग खिडकीकडे बघायला लागली.

"काय झालं, मालकीणबाई?"

"आज कपडे तुम्ही स्वतः घातलेत?"

"मग काय शेजाऱ्यांना बोलावलं होतं?"

ती हसली नाही. खाली बघून म्हणाली, "उजवा पदर वर आलाय तुमचा."

जिवंत माणूस डावा पदर वर घेतो. उजवा पदर वर येतो तो जन्मात एकदाच, आणि तोही स्वतःच्या हातानं नव्हे. घरचे लोक माणसाला शेवटचं पेटीत ठेवताना तसा घालतात. मात्सुएत हे शाळेत न जाणाऱ्या पोरालाही ठाऊक असतं. तोकुजीनं मान वाकवून आपल्या गळ्याकडे बघितलं, मग राणीच्या. दोन्ही सारखे होते. मेलेल्या माणसाचा गळा घालून तो सकाळपासून पटाशीला धार लावत बसला होता.

"काल साठ जोड्या काढल्या," हिसानो म्हणाली. तिचा आवाज चढलेला नव्हता, चढला असता तर बरं झालं असतं. "आज उजाडता डबे बांधायला बसलो. अठरा बांधून झाले. एकोणिसावा सासूबाईंच्या हातात आला. दोन्ही बाहुल्या न्याहाळल्या, आणि मला विचारतात कशा, 'कुणाकडचं सुतक गं हे?'"

थोरल्या मालकीणबाई त्र्याण्णव वर्षांच्या. मुलगा जाऊन सहा वर्षं झाली हे त्यांच्या लक्षात राहत नसे, जेवल्या की नाही हेही राहत नसे. राणीचा गळा मात्र त्यांना दिसला.

"कागेयामांची नात..." तोकुजी पुटपुटला.

"हो ना! सातव्या महिन्यात झालेलं पोर. दोन महिने काचेच्या पेटीत होतं. वाचत नाही म्हणून सांगितलेलं. वाचलं, आता हसतंय, आणि हा तिचा पहिला बाहुल्यांचा सण. कागेयामाबाईंनी साठ घरांत वाटायला म्हणून हे डबे सांगितलेत. साठ घरांनी डबा उघडायचा आणि आत काय बघायचं? मुलीला कफन घातलंय!" तिनं बाहीच्या टोकानं कपाळ पुसलं, एवढ्या थंडीत. "डबे गेले असते, तोकुजीसान. दुपारी गाडी येणार होती."

तोकुजीला काहीतरी बोलायचं होतं. चष्म्याचं काहीतरी, थंडीनं बोटं आखडल्याचं काहीतरी. त्यानं नुसताच चष्मा काढून पुसला.

"मी असं करते," ती उठत म्हणाली. "पीचच्या फुलांचा जुना साचा आहे, तो काढते. कागेयामाबाईंना सांगते, बाहुल्यांचा साचा तडकला."

"नको!" तो इतक्या जोरात बोलला की ती दचकली. "उद्या सकाळी देतो. दुसरा देतो."

"चार दिवसांचं काम आहे ते."

"देतो म्हटलं ना."

"कसा द्याल?"

तिनं हे दुष्टपणानं विचारलं नव्हतं. पण त्या प्रश्नात सगळं आलं. तोकुजी पाटामागून सरकला आणि त्यानं कपाळ चटईला टेकवलं. चौऱ्याहत्तर वर्षांचा माणूस, तिच्या सासऱ्याच्या वेळेपासून दुकानाचे साचे करणारा, लाकडाच्या भुशात तोंड खुपसून पडला. तो घाबरला होता. बायको गेली तेव्हाही इतका घाबरला नव्हता. आज बाहुल्यांऐवजी फुलं गेली तर ही बाई त्याला एक शब्द बोलणार नाही, सणासुदीला भेटही पाठवील, फक्त परत या दारात साच्यासाठी म्हणून येणार नाही. आणि साचे कोरण्यापलीकडे त्याला या जगात काही म्हणजे काही येत नव्हतं.

"उठा हो," हिसानो कळवळून म्हणाली. "उठा आधी. बाहुल्या वाळायला एक दिवस लागतो, म्हणजे उद्या सकाळी आठच्या पुढे मला थांबता येणार नाही. आठला साचा आला तर बाहुल्या, नाहीतर फुलं. बास."

दाराशी तिनं बूट घातले, पण पाऊल बाहेर टाकलं नाही. "चूक माझीपण आहे. तुमचा साचा आला की मी आत कधी बघतच नाही, तोकुजीसान. घेते आणि पीठ भरते."

ती गेली. तो तसाच बसून राहिला. तिनं दोन शिव्या घातल्या असत्या तर चाललं असतं.

आता खरं काय झालं होतं ते फक्त तोकुजीला माहीत होतं, आणि ते त्यानं कुणाला सांगितलं नव्हतं. पहिला साचा त्यानं बरोबर कोरला होता. साच्यात सगळं उलटं कोरायचं असतं. लाकडात डावीकडे तर मिठाईत उजवीकडे, लाकडात जितकं खोल तितकं मिठाईत उंच. एक्कावन्न वर्षं हे त्याच्या हातांनी डोक्याला न विचारता केलं होतं. या वेळीही केलं. चौथ्या दिवशी संध्याकाळी शेवटचा हात फिरवताना मात्र त्याची नजर राणीच्या गळ्यावर गेली आणि अंगावर काटा आला. गळा मेलेल्याचा दिसत होता! त्यानं आपल्या सदऱ्याच्या गळ्याशी ताडून बघितलं, मातीचा ठसा काढून तोही ताडला. उलटाच. अरे देवा, म्हणत त्यानं चार दिवसांचं काम शेगडीत घातलं आणि पुढचे चार दिवस पाठीचा काटा ढिला होईतो बसून नवा साचा कोरला. त्या रात्री तो स्वतःवर खूष होता. म्हातारपणी एवढी चूक धरली म्हणून त्यानं दोन वाट्या साके जास्त घेतली होती.

ज्याच्याशी ताडलं तो अंगावरचा गळाच उलटा होता, त्याला तो काय करणार.

त्यानं सदरा सोडला आणि परत बांधला. परत सोडला. मालकीणबाई म्हणाल्या उजवा वर आहे, म्हणजे डावा वर पाहिजे. डावा कुठला? मोगरी धरतो तो उजवा हात, एवढं पक्कं. म्हणजे हा डावा. हा वर घेतला. आता राणी आपल्याकडे तोंड करून उभी, म्हणजे तिचा डावा माझ्या उजव्या बाजूला. आणि साच्यात ते उलटं. उलट्याचं उलटं म्हणजे... त्यानं नव्या फळीवर खडूनं दोन रेघा मारल्या. चूक वाटल्या. पुसून उलट्या मारल्या. त्याही चूक वाटल्या. मातीचा ठसा घ्यावा तर कशाशी जुळवायचा? तास गेला, दीड तास गेला. फळी खडूनं पांढरी झाली. इतकी वर्षं ज्या हातांना कधी काही विचारावं लागलं नाही, ते हात आज विचारलं तरी सांगत नव्हते.

बारा वाजता नोबुए जेवणाचा डबा घेऊन आली. त्याची थोरली मुलगी; नवऱ्याशी पटलं नाही म्हणून दहा वर्षांपूर्वी परत आलेली, तळ्याकाठच्या शिंपल्यांच्या वखारीत कामाला. तिच्या अंगाला कायम चिखलाचा वास येई आणि जिभेला धार बापाच्या पटाशीची.

"दार सताड उघडं! गावाला ऊब देताय का?" असं म्हणत ती आत आली आणि थांबली. बापाचा सदरा सुटलेला, समोर पांढरी फळी, डोळे लाल. तिनं डब्यातली राणी उचलून बघितली. काय झालंय ते कळायला नोबुएला वेळ लागला नाही.

"बाबा, हे तुम्ही कोरलंत?"

"मग कुणी?"

ती खाली बसली आणि म्हणाली, "न्हाणीघराच्या वाटेवर तुम्ही हल्ली पुलापाशी उलटे वळता. मासेवाल्यानं दोनदा आणून सोडलं."

"अंधार होता."

"दुपारचे चार वाजले होते. आणि चपलांचं काय? डावी उजव्या पायात घालून देवळापर्यंत गेलात."

"तुला माहीत होतं?"

"घरातच राहते ना मी."

"मग बोलली का नाहीस कधी?" तो ओरडला.

"काय बोलायचं होतं?" तीही ओरडली. "साचे कोरू नका म्हणायचं होतं? मी म्हणायचं होतं ते?"

डब्यातलं शिंपल्यांचं सूप निवत राहिलं. शेवटी नोबुएनं बाह्या वर केल्या. "चला. मी सांगते, तुम्ही कोरा. डावं-उजवं माझं अजून शाबूत आहे."

त्यांनी तेही करून बघितलं. "हा पदर डावीकडे," ती म्हणाली. "कुणाच्या डावीकडे?" "राणीच्या." "साच्यातल्या की साखरेतल्या?" "साखरेतल्या. नाही, थांबा. साच्यातल्या." "नक्की सांग, नोबुए!" "अहो, मला शिंपले कळतात, साचे नाही कळत!" तिनं आरशात बघून सांगून पाहिलं, त्यानं तर घोळ आणखीच वाढला. दुसऱ्या एखाद्या दिवशी दोघं पोट धरून हसले असते. दोन वाजले तेव्हा फळीवर एक पटाशी नीट पडली नव्हती, आणि बरोबर रेघ मिळाली असती तरी सबंध बाहुली उद्या सकाळपर्यंत कोरून होणार नव्हती हे दोघांनाही दिसत होतं.

"सोडून द्या, बाबा," ती हळू म्हणाली. "मी जाते आणि सांगते त्यांना. फुलं काय वाईट असतात?"

"सांग जा," तोकुजी म्हणाला. "आणि उद्यापासून मी काय करू तेही विचारून ये."

तिनं तोंड फिरवलं.

त्यानं चुकलेला साचा ओढला. का ओढला त्याला ठाऊक नव्हतं. हाताला काहीतरी हवं होतं म्हणून असेल. अंगठा राणीच्या गळ्यावरून फिरवला. जे कोरून गेलं ते लाकूड परत भरता येत नाही. लुकण भरलं तर पहिल्याच ठोक्याला साखरेबरोबर निघून येतं. त्याच्या गुरूच्या हाताखाली असताना त्यानं एका सारसाची चोच उडवली होती आणि मार खाल्ला होता. मारून झाल्यावर म्हातारा म्हणाला होता, गाढवा, वर येता येत नाही, खालीच जायचं असतं. आणि चोचीच्या जागी आणखी खोल कोरून त्यानं पाइनची फांदी आणली होती.

खाली जायचं. खोल कोरलं की साखरेत पुढे येतं. राणीच्या छातीच्या पुढे काही आलं तर गळा त्याच्या मागे जाईल.

"पंखा," तो म्हणाला.

"काय?"

"राणीच्या हातात पंखा देतो. उघडा. हनुवटीपर्यंत उचललेला." त्याचा श्वास लागला होता. "पंख्याला डावं-उजवं नसतं गं. मधोमध दांडी, दोन्हीकडे सारख्याच काड्या!"

नोबुएनं साचा उचलून पालथा केला, आडवा धरून कडेनं बघितला. "बाबा, खाली लाकूड आहे का तेवढं?"

तेच तर होतं. राणी आधीच खोल कोरलेली. छातीखाली करंगळीच्या नखाएवढं लाकूड उरलेलं. पंख्याला त्यातलं निम्मं लागणार. एक ठोका जास्त बसला की पटाशी आरपार, मग राणी नाही, पंखा नाही, काही नाही.

"साचा मांडीवर घे," तो म्हणाला. "तळहात खालून लाव, नेमका छातीखाली. ठोका तुझ्या हाताला कसा लागतो ते सांगत राहा. लांबून आल्यासारखा लागला तर लाकूड आहे. जवळ आल्यासारखा वाटला तर थांब म्हण."

"आणि मला कळलं नाही तर?"

"शिंपला जिवंत आहे की मेलेला हे टिचकी मारून कळतं ना तुला? तसंच ते."

दोघं खिडकीजवळ बसले. त्यानं सगळ्यात बारीक पटाशी निवडली, मोगरी बाजूला ठेवली आणि तळहातानंच ठोकायला सुरुवात केली. पहिल्यांदा दांडी, मग मधली काडी, मग तिच्या दोन्हीकडे एकेक. राणीच्या पाच पदरांच्या कडा, ज्यांच्यावर त्यानं दोन दिवस घालवले होते, पटाशीखाली एकेक करून उडत गेल्या. ते बघूनही हात थांबला नाही. हाताला आता परत विचारावं लागत नव्हतं.

"लांब," नोबुए म्हणत होती. "लांब. लांब. बाबा, जरा जवळ. थांबा! थांबा म्हटलं ना!"

"थांबलो."

"इथे जवळ आलंय. हाडावर टिचकी मारल्यासारखं."

"मग ही काडी उथळच राहील. पलीकडचीही तेवढीच उथळ करू."

अंधार पडायला लागला तेव्हा त्यानं पटाशी खाली ठेवली. नोबुएचा तळहात लाल झाला होता. तिनं मातीचा गोळा दाबून ठसा काढला आणि खिडकीशी धरला. राणी पंख्याआडून बघत होती. गळा नव्हताच कुठे. पंख्यावर हनुवटी टेकल्यासारखी, वर नुसते डोळे आणि केस.

"अगं बाई!" नोबुए म्हणाली. तिला रडू फुटलं. "बाबा, ही पहिलीपेक्षा चांगली आहे."

तोकुजीला आनंद झाला नाही असं नाही. पण तो आनंद पोचायच्या आधीच दुसरं काहीतरी पोचलं होतं: आज हाताला साधलं ते फक्त डावं-उजवं नसलेलं. हे तो मुलीला सांगणार नव्हता.

सकाळी आठला पाच मिनिटं कमी असताना तो 'कामेनोया'च्या मागच्या दाराशी उभा होता. येताना नोबुएनं त्याचा सदरा स्वतः बांधून दिला होता आणि पूल ओलांडेपर्यंत सोबत आली होती. हिसानोनं साचा घेतला. या वेळी तिनं आत बघितलं, उजेडाला धरून, बराच वेळ. तोकुजीनं ते बघितलं आणि नजर वळवली. तिचा काय दोष! तिनं बघायलाच हवं होतं.

तिनं पीठ-साखर भरली, दाबली, वरची फळी काढली, उलटं करून ठोका दिला. पाटीवर राणी पडली.

"सासूबाई," हिसानोनं हाक मारली, "ही बघा हो जरा."

थोरल्या मालकीणबाई शेगडीपाशी बसल्या होत्या. त्यांनी राणीला नाकाशी नेलं, हातभर लांब नेलं, परत जवळ आणलं. दुकानातल्या तिन्ही बायका हात थांबवून बघत होत्या.

"लाजतेय," म्हातारी म्हणाली. "नवीन लग्न झालंय वाटतं." आणि राणीचं डोकं तोंडात घालून तिनं कडकन मोडलं. दुकान हसण्यानं भरून गेलं. हिसानोनं तर डोळे पुसले.

डबे मार्चच्या एक तारखेला वेळेवर गेले. कागेयामाबाई नातीला दुपट्यात गुंडाळून स्वतः दुकानात आल्या, म्हणाल्या, पंख्याआडची राणी उभ्या आयुष्यात बघितली नव्हती, कुणाला सुचलं हो हे? पुढल्या वर्षासाठी आणखी दोन घरांनी सांगून ठेवलं. हे सगळं हिसानोनं येऊन तोकुजीला सांगितलं, हसत सांगितलं, आणि येताना पुढचं कामही घेऊन आली.

एप्रिलमध्ये तिनं मुलग्यांच्या सणासाठी साचा मागितला. दर वर्षी या सणाला मासा असे, उसळी मारणारा, शेपटी एकीकडे वळलेली. या वर्षी ती म्हणाली, शिरस्त्राण करा, समोरून दिसणारं, दोन्हीकडे सारखी शिंगं. त्यानं करून दिलं. जूनसाठी तिनं गोल फुलांचा गुच्छ मागितला. एरवी त्या महिन्यात गोगलगाय असे. तोही करून दिला. साचा हातात आला की ती आता तिथल्या तिथे खिडकीकडे वळे, पाठ करून, मग वळून म्हणे, "सुरेख!" तोकुजीनं एकदा नोबुएला विचारलं, "तू काही बोललीस का दुकानात?" नोबुए म्हणाली, "शपथ, एक अक्षर नाही." त्यानं विश्वास ठेवला. हिसानोला सांगायची गरजच नव्हती.

जुलैच्या अखेरीस, अंगाची लाही होत असताना, ती पुन्हा आली. थंड बार्लीचा चहा प्यायली. नोबुएची चौकशी केली. मग म्हणाली, "शरदातल्या चंद्रपूजेसाठी एक साचा हवाय, तोकुजीसान."

"ससा ना? तांदूळ कांडणारा?" त्यानं विचारलं. "मागच्या वर्षी कान लांब केले होते, लोकांना आवडले होते."

"ससा नको या वर्षी."

"मग गवताची पाती? वाऱ्यानं वाकलेली?"

"तीही नकोत." ती पेल्यात बघत होती. "नुसता चंद्र द्या. पूर्ण, गोल."

"वर काहीच नको?"

"काहीच नको."

खिडकीबाहेर झाडांवरचे किडे किर्र करत कान किटवत होते. 'कामेनोया'च्या कोठीत गोल चंद्राचे नऊ साचे होते. तोकुजीला ते पक्कं माहीत होतं, कारण त्यातले तीन त्यानं स्वतः कोरले होते, आणि उरलेले त्याच्या गुरूनं. शंभर वर्षांत झिजणार नाहीत असे साचे. दहाव्या चंद्राची त्या दुकानाला काही म्हणजे काही गरज नव्हती. आणि असा चंद्र कोरायला त्याच्यासारखा कारागीरही लागत नव्हता. कुठल्याही सुतारानं दुपारभरात काढून दिला असता.

"आहेत की तुमच्याकडे," हे त्याच्या ओठांवर आलं होतं. हिसानोची मान खाली होती, आणि पेला धरलेली बोटं जरा जास्तच घट्ट होती.

"केवढा हवा?" त्यानं विचारलं.

तिनं अंगठा आणि तर्जनी जुळवून दाखवलं.

ती गेल्यावर तो मागच्या खोलीत गेला. वीस वर्षं वाळवलेली रानचेरीची एक फळी होती, कधीतरी मोठं काम येईल म्हणून बाजूला ठेवलेली, मधासारख्या रंगाची, गाठ नाही की भेग नाही. ती काढून त्यानं पाटावर ठेवली, हातानं पुसली, कंपासानं वर्तुळ आखलं. मग फळी अर्धी फिरवून बघितली, आणखी फिरवून बघितली, पलीकडच्या बाजूनं येऊन बघितली. कुठूनही धरली तरी ती तशीच दिसत होती. त्यानं पटाशी उचलली आणि कोरायला घेतलं.